वॅफल मऊ पडतंय? आधी वाफेकडे बघा

आमच्याकडून वॅफल मेकर नेलेल्या ग्राहकांसाठी

गेल्या पावसाळ्यात एक काकू मशीन परत घेऊन आल्या. "तुमचं यंत्र बिघडलंय, एकही वॅफल कुरकुरीत होत नाही," असं म्हणत त्यांनी पुरावा म्हणून स्टीलचा डबा काउंटरवर ठेवला. झाकण उघडलं तर आतल्या बाजूने पाण्याचे थेंब ओघळत होते, आणि खाली चार वॅफल्स एकावर एक, ओल्या स्पंजसारखी. आम्ही त्यांच्याच मशीनवर, त्यांच्याच सांगण्याप्रमाणे पीठ भिजवून एक वॅफल केलं. झाल्यावर जाळीवर ठेवलं, पाच मिनिटांनी मोडलं, तर कडा खळ्ळकन तुटली. मशीन ठणठणीत होतं, काकूंचं पीठही ठीक होतं. सगळा घोळ त्या डब्याचा.

त्या दिवसापासून मशीनसोबत हे पत्रक द्यायचं ठरवलं. वॅफल मऊ पडलं की लोक पिठाचं प्रमाण बदलत बसतात. बहुतेक वेळा दोष प्रमाणाचा नसतो, वाफ नीट बाहेर न गेल्याचा असतो.

हिशोब सोपा आहे. खाली दिलेल्या प्रमाणाचं साधारण 700 ग्रॅम मिश्रण होतं आणि त्यातलं जवळजवळ निम्मं पाणी असतं. दुधातलं, ताकातलं, अंड्यातलं. यातलं पुष्कळसं पाणी साच्यात असतानाच वाफ होऊन जायला हवं. राहिलं ते साच्यातून काढल्यावर जातं, पण त्याला वाट मिळाली तरच. वाट अडवली की ती वाफ परत वॅफलच्या अंगावरच बसते.

आपल्या हाताला मात्र नेमकी उलटी सवय आहे. पोळी तव्यावरून उतरली की आपण तिच्यावर दुसरी ठेवतो, रुमालात गुंडाळतो, डब्यात घालून झाकण लावतो, कारण पोळी मऊ राहायला हवी. वॅफलला हे सगळं वर्ज्य. ताटातही ठेवू नका, खालची बाजू घामेजते. जाळी नसेल तर पिठाची चाळणी उपडी घाला आणि तिच्यावर ठेवा, आमच्या घरी असंच चालतं. एकावर एक चवड नको.

साहित्य (चौकोनी साच्याची साधारण सात-आठ)

मैदा 150 ग्रॅम, कॉर्नफ्लोअर 50 ग्रॅम, बेकिंग पावडर दीड छोटा चमचा, खायचा सोडा पाव छोटा चमचा, मीठ अर्धा छोटा चमचा, साखर दोन मोठे चमचे, अंडी 2, दूध 150 मिली, दाट ताक 150 मिली, तेल 80 मिली, थोडा व्हॅनिला किंवा वेलची.

ताक म्हणजे जेवणानंतर पितो ते पातळ नव्हे. दही घुसळून जेमतेम पाणी घातलेलं हवं. ताकातला आंबटपणा आणि सोडा एकत्र आले की मिश्रण फुलतं. सोड्याने रंगही लवकर चढतो. "जरा जास्त घातला तर आणखी कुरकुरीत होईल" असं वाटून सोडा वाढवू नका, साबणासारखी चव येते.

कॉर्नफ्लोअर कशाला, हा प्रश्न रोज येतो. मैद्यात पाणी पडलं की त्याला चिवटपणा येतो. पोळीला तो हवा, वॅफलला नको. कॉर्नफ्लोअर निव्वळ स्टार्च आहे, त्यात हा चिवटपणा धरणारं काही नाही. त्यामुळे वरचं कवच पातळ आणि कडक होतं. घरात कॉर्नफ्लोअर नसेल तर तेवढीच तांदळाची पिठी घ्या. थोडी रवाळ लागतात, आम्हाला तर तीच जास्त आवडतात.

तेलाचं काम मोहनाचं. शंकरपाळ्यांना मोहन कमी पडलं की त्या कशा दगड होतात, ते दिवाळीत सगळ्यांनी कधी ना कधी भोगलेलं आहे. इथेही तसंच. स्निग्धांश पिठाच्या कणांना लपेटतो आणि चिवटपणा आवरतो. पुस्तकात लोणी लिहिलेलं असतं, पण लोण्याच्या विकतच्या वडीत साधारण 80 टक्के स्निग्धांश आणि 16 टक्क्यांच्या आसपास पाणी असतं. म्हणजे वाफेचं काम आणखी वाढलं. चवीला लोणी हवंच असेल तर अर्धं तेल, अर्धं पातळ केलेलं साजूक तूप घ्या. तुपात पाणी नसल्यासारखंच असतं.

साखरेचा हात आखडता ठेवा, गोड वॅफल असलं तरी. साखर जास्त झाली की बाहेरून रंग आधी चढतो, आपण घाबरून झाकण उघडतो आणि आत ओलं राहतं. शिवाय साखर हवेतलं पाणी ओढते. जुलैत उघडी राहिलेली चिक्की कशी चिकट होते? तेच. गूळ तर आणखी ओढतो आणि साच्याला चिकटतो, म्हणून गूळ पिठात घालू नका. गुळाची चव हवी असेल तर खाताना वरून काकवी घ्या. मेपल सिरपच्या बाटलीला जे पैसे पडतात त्यात कोल्हापूरकडची चांगली काकवी किती येईल, ते तुम्हीच बघा.

कृती

कोरडं सगळं एकत्र चाळा. दुसऱ्या भांड्यात अंड्यातला पिवळा भाग, दूध, ताक, तेल, साखर फेटा. दोन्ही एकत्र करा आणि हात आवरा. बारीक गुठळ्या राहिल्या तरी चालतात. मिक्सरमधून फिरवलेलं गुळगुळीत पीठ दिसायला छान असतं, पण त्याचं वॅफल रबरी होतं. अंड्यातला पांढरा भाग वेगळा, कोरड्या भांड्यात, भांडं तिरकं केलं तरी घसरणार नाही इतपत फेसून घ्या आणि शेवटी हलक्या हाताने मिसळा. हे करायचा कंटाळा आला तर अंडी सरळ फोडून घाला. वॅफल जरा भरीव होईल, बाकी काही बिघडत नाही. मिश्रण इडलीच्या पिठासारखं सरसरीत हवं. दहा मिनिटं झाकून ठेवा.

अंडं चालत नसेल तर दोन अंड्यांऐवजी चार मोठे चमचे दही, एक चमचा जादा तेल आणि अर्धा छोटा चमचा जादा बेकिंग पावडर घाला. अशा वॅफलला साच्यात मिनिटभर जास्त लागतं. कणकेचं करायचं असेल तर अर्धी कणीक, अर्धा मैदा घ्या आणि पीठ वीस मिनिटं मुरू द्या, कारण कोंडा पाणी सावकाश पितो. नुसत्या कणकेचं वॅफल चांगलं लागतं, कुरकुरीत मात्र होत नाही. तसं आश्वासन आम्ही देणार नाही.

दिव्यावर जाऊ नका

मशीनवरचा हिरवा दिवा वॅफल झालं की लागतो, हा फार मोठा गैरसमज आहे. तो दिवा साच्याचं तापमान सांगतो. साचा तापला की लागतो, थंडावला की विझतो. आतल्या पिठाचं त्याला काही कळत नाही.

पहिल्यांदा दिवा लागल्यावरही दोन मिनिटं थांबा, सगळा साचा सारखा तापू द्या. मग ब्रशने तेलाचा पुसट हात फिरवा, मधोमध पीठ ओता, कडेला थोडी जागा सोडा, झाकण बंद करा. पहिली तीन मिनिटं झाकणाला हात लावायचा नाही. लवकर उघडलं की वॅफलचे आडवे दोन भाग होतात, एक वर चिकटलेला, एक खाली.

आता बाजूंकडे बघा. आधी इडलीपात्रातून यावी तशी भरभरून वाफ येईल. हळूहळू ती विरळ होत जाईल. ती जवळजवळ थांबली की बहुतेक जण काढून घेतात, आणि चुकतात ते इथेच. आणखी अर्धं-पाऊण मिनिट राहू द्या. आमच्या मशीनवर एका वॅफलला एकूण पाच ते सहा मिनिटं लागतात. रंग सोनेरीच्या थोडा पुढचा, शंकरपाळ्याचा यायला हवा. साच्यातून काढताना वॅफल जरा लवचीक वाटेल, घाबरू नका. जाळीवर दोन मिनिटांत ते कडक होतं.

दोन वॅफल्सच्या मध्ये मिनिटभर साचा परत तापू द्या. थंडगार पीठ साच्याची उष्णता खाऊन टाकतं, म्हणून फ्रिजमधलं पीठ लगेच ओतू नका. पहिलं वॅफल बिघडलं तर ते करणाऱ्याने खावं. पहिल्या धिरड्याचं काय होतं?

गोडाचा कडक पापुद्रा

बाहेर ठेल्यावर 'बेल्जियन वॅफल' म्हणून मिळतं, त्या नावाचा एकच पदार्थ बेल्जियममध्ये नाही. तिथे ब्रुसेल्स शहराचं वॅफल वेगळं, लिएज शहराचं वेगळं. ब्रुसेल्सचं आयताकृती, खोल खणांचं, हलकं, वर पिठीसाखर. 1964 च्या न्यूयॉर्कमधल्या जागतिक प्रदर्शनात स्ट्रॉबेरी आणि क्रीम घालून विकलं गेलं ते याच जातीचं, आणि तिथून हे नाव अमेरिकेत पसरलं. वॅफल मात्र त्याहून कितीतरी जुनं. ब्रूगेल या जुन्या चित्रकाराच्या 1559 मधल्या एका चित्रातसुद्धा वॅफल्स दिसतात. गॅसवर नव्हे, कोळशाच्या स्टोव्हवर फिरवायच्या साच्याचं पेटंट अमेरिकेतल्या ट्रॉय गावच्या कॉर्नेलियस स्वार्टवाउटने 1869 मध्ये घेतलं.

आपल्या कामाचं आहे ते लिएजचं. ते पातळ पिठाचं नसतं. यीस्ट आणि भरपूर लोणी घालून मळलेल्या कणकेसारख्या गोळ्यात बीटच्या साखरेचे टपोरे दाणे घालतात. साच्याला टेकलेली साखर वितळून तांबूस पाक होते आणि थंड झाली की काचेसारखी कडकडते. असे साखरेचे दाणे इथे महाग पडतात. चहाच्या साखरेचे चौकोनी तुकडे जाडसर कुटून घ्या, काम भागतं. खडीसाखर नको. तिचे खडे तसेच राहतात आणि दाताखाली येतात.

आमच्या नेहमीच्या मिश्रणालाही हा पापुद्रा आणता येतो. पीठ ओतल्यावर, झाकण लावायच्या आधी, वरून एक छोटा चमचा साखर भुरभुरा. वरची बाजू चकचकीत आणि कडक होते. मात्र वितळलेली साखर तेलासारखीच पोळते आणि बोटाला चिकटून राहते. मुलांना या वेळी ओट्यापासून लांब ठेवा. आणि हे वॅफल सगळ्यात शेवटी करा, नाहीतर पुढच्या प्रत्येकाला जळकी साखर चिकटेल.

ठेवणं, गरम करणं, पुसणं

पाहुणे एकदम बसणार असतील तर झालेली वॅफल्स ओव्हनमध्ये 100 अंशांवर, जाळीवर, एकेरी ठेवा. आइसक्रीम, काकवी, चॉकलेट सॉस, काहीही असो, पानात वाढल्यावरच घाला. उरलेली पूर्ण गार झाल्यावरच डब्यात भरून फ्रीझरमध्ये जातील. परत गरम करताना त्याच मशीनमध्ये मिनिट-दीड मिनिट ठेवा. मायक्रोवेव्हमध्ये नको, पुन्हा तोच ओला स्पंज.

मशीन 1000 वॅटच्या आतलं आहे, साध्या 6 अँपिअरच्या सॉकेटवर चालतं. पण एकाच एक्स्टेंशनवर मिक्सर आणि हे दोन्ही लावू नका. साच्यात स्टीलचा चमचा, सुरी, काटा काही घालू नका, लाकडी उलथनं किंवा सिलिकॉनचा चिमटा वापरा. खरवडलेल्या साच्यावर वॉरंटी चालत नाही, आधीच सांगून ठेवतो. स्प्रेच्या डब्यातलं तेल मारू नका, त्याचा चिकट थर बसतो आणि तो निघता निघत नाही. प्लग काढून, साचा कोमट असताना ओल्या फडक्याने पुसा. नळाखाली धरायचा नाही.

एवढं करूनही वॅफल मऊच राहिलं तर मशीन घेऊन दुकानात या. येताना घरी भिजवलेलं थोडं पीठही आणा, इथेच करून बघू. डब्यात भरलेलं वॅफल मात्र आणू नका.