मकावची चोच वाढली म्हणून लगेच कटर काढू नका

घोडबंदर रोडच्या टॉवरमध्ये म्हणा नाहीतर खारघर-नेरूळला, हल्ली घराघरात मकाव, म्हणजे मध्य-दक्षिण अमेरिकेतले मोठे पोपट, दिसायला लागलेत आणि नव्या मालकाची शंका ठरलेली, चोच जास्तच वाकलीये, जरा कापू का? बहुतेक वेळा ती वाढलेली नसतेच. मकावची वरची चोच मुळातच लांब आणि खाली वळलेली असते, कॉकॅटिएलसारख्या छोट्या पोपटाची चोच बघून अंदाज बांधाल तर फसाल. वरून थोडे पापुद्रे सुटतात, तेही नॉर्मलच.

चोचीचं बाहेरचं आवरण केराटिनचं, म्हणजे आपली नखं ज्याची बनतात तेच, पण आत चक्क हाड असतं आणि मधल्या थरात रक्तवाहिन्या नि नसा, शिवाय टोकाशी स्पर्श ओळखणाऱ्या मज्जातंतूंची इतकी दाटी की पक्षी टरफल फोडायच्या आधी ते चोचीनंच चाचपून घेतो. त्यामुळे कटर चुकीच्या जागी बसला तर दुखतंच, वर चीर आतपर्यंत जाऊ शकते. आणि रक्त? 1 किलोच्या मकावच्या अंगात सगळं मिळून साधारण 100 मिली, म्हणजे कटिंगच्या एका ग्लासाएवढंच! चुकून टोक तुटून रक्त आलंच तर स्वच्छ कॉर्नफ्लोअर लावून दाबून धरा आणि तसंच डॉक्टर गाठा.

दुसरा धोका पकडण्याचा. पक्ष्यांना आपल्यासारखा श्वासपटल नसतो, छाती हलली तरच श्वास चालतो, त्यामुळे टॉवेलमध्ये घट्ट गुंडाळून छाती दाबली की पक्षी गुदमरतो. त्यात मे महिन्यातला आपला दमटपणा, आणि पक्ष्यांना घाम येत नाही.

खरंच वाढली असेल तर ती का वाढली हा प्रश्न महत्त्वाचा, नुसती घासून घेतली तर काही महिन्यांत परत तेच. नुसत्या सूर्यफुलाच्या बिया खाऊन लिव्हरवर चरबी चढते, व्हिटॅमिन ए कमी पडतं आणि केराटिन वेडंवाकडं वाढायला लागतं, कधी चोचीवर काळपट-तांबडे डागही दिसतात. जुनी इजा किंवा वरची-खालची चोच एका रेषेत न बसणं हीसुद्धा कारणं असतात. म्हणून चांगला डॉक्टर आधी ब्लड टेस्ट, गरज वाटली तर एक्स-रे करतो, मग छोट्या ग्राइंडरनं थोडं थोडं घासतो, एकाच जागी टेकवून ठेवत नाही कारण चोच तापते. फक्त कुत्र्या-मांजरांचं बघणारे हे करतीलच असं नाही, आधी फोनवर विचारा. हो, आणि विदेशी प्राणी-पक्षी पाळण्याबाबतच्या 2024 च्या नियमांनुसार केंद्र सरकारच्या परिवेश पोर्टलवर त्याची नोंदणी केली नसेल तर तेही उरका.

निरोगी मकावची चोच तो स्वतःच झिजवतो, खालची वरचीवर घासून आणि दिवसभर काहीतरी कुरतडून. ब्राझीलच्या पांतानाल या पाणथळ प्रदेशातले निळे हायसिंथ मकाव ताडवर्गातल्या झाडांची दगडासारखी फळं फोडतात, आपल्याकडे त्यांच्या जागी नारळाची करवंटी, टणक कवचासकट अक्रोड-बदाम (मोजकेच, तेल भरपूर असतं) आणि पेरू, आंबा, कडुनिंबाच्या धुतलेल्या फांद्या चालतात. सोसायटीच्या बागेतली फांदी आणणार असाल तर फवारणी कधी झाली ते माळ्याला विचारा. ॲव्होकॅडो अजिबात नको, विषारी आहे. खरखरीत सिमेंटचा दांडा पिंजऱ्यात एकच ठेवा, सगळे तसले लावले तर तळपाय सोलवटतात.

महिन्यातून एकदा बाजूनं फोटो काढून ठेवा आणि किचनच्या काट्यावर वजन करा, वजन उतरतंय आणि चोच वाढतेय असं दिसलं तर त्याच आठवड्यात अपॉइंटमेंट घ्या.