ट्युरिंग हरले, शॅनन हरले

१९५२ साली मँचेस्टरमध्ये संगणकशास्त्राचा पाया घालणारे ॲलन ट्युरिंग आणि संगणकतज्ज्ञ ॲलिक ग्लेनी बुद्धिबळाच्या पटावर समोरासमोर बसले. ग्लेनी नेहमीसारखे डोकं चालवून खेळत होते. ट्युरिंगना मात्र स्वतःच्या मनाने चाल करायची नव्हती. त्यांनी आधीच नियम लिहून ठेवले होते आणि ते नियम सांगतील तीच चाल करायची, असं ठरवलं होतं. एकेका चालीच्या आकडेमोडीला अर्धा अर्धा तास लागे. हे नियम त्या वेळच्या संगणकावर चालवणं जमलं नव्हतं, म्हणून संगणकाचं काम ट्युरिंग कागद-पेन्सिल घेऊन स्वतःच करत होते.

डेव्हिड चॅम्परनोन या मित्राबरोबर त्यांनी १९४८ मध्ये हे काम हाती घेतलं होतं. प्याद्याला १, घोड्याला ३, उंटाला साडेतीन, हत्तीला ५ आणि वजिराला १० अशी किंमत ठरवली होती. आपली चाल आणि त्यावर समोरच्याचं उत्तर, एवढं सगळं तपासायचं. मारामारी चालू असेल तर ती शमेपर्यंत पुढे जायचं. आणि शेवटी कुणाकडे किती किमतीचे मोहरे उरतात ते पाहायचं. पण दोन चाली सारख्याच ठरल्या तर? त्यासाठी मोहऱ्याला त्या जागेवरून जितक्या चाली करता येतात, त्या संख्येचं वर्गमूळ काढून तेवढे गुण द्यायचे. हे वर्गमूळ मला फार आवडतं. कोंडलेल्या मोहऱ्याला एकाऐवजी दोन घरं मोकळी झाली, तर त्याचे गुण १ वरून १.४१ वर जातात. दहाची अकरा झाली, तर वाढ जेमतेम ०.१५. मुरलेल्या खेळाडूला हे न सांगता कळतं. ट्युरिंगनी ते एका चिन्हात बसवलं.

२९व्या चालीला नियमांनी वजिराला एक प्यादं खायला पाठवलं. ग्लेनींचा हत्ती लगेच त्याच्यासमोर येऊन उभा राहिला. मागे त्याच ओळीत राजा होता, त्यामुळे वजिराला बाजूलाही होता येईना. डाव तिथेच संपला. नियमांची नजर जिथे थांबत होती, त्याच्या एक पाऊल पुढे संकट उभं होतं. संगणकाच्या बुद्धिबळात हे दुखणं पुढे अनेक वर्षं टिकलं.

शास्त्रज्ञ म्हटला की तो बुद्धिबळात तरबेज असणारच, असं आपण धरून चालतो. ट्युरिंग तसे नव्हते. युद्धकाळात ब्लेचली पार्कमध्ये जर्मनांचे गुप्त संदेश उलगडताना ह्यू अलेक्झांडर, स्टुअर्ट मिल्नर-बॅरी आणि हॅरी गोलोंबेक हे इंग्लंडचे नावाजलेले खेळाडू त्यांचे सहकारी होते. हे तिघेही १९३९ च्या ब्युनॉस आयर्सच्या ऑलिंपियाडमध्ये इंग्लंडकडून खेळले होते आणि युद्ध पेटल्यावर मायदेशी परतले होते. त्यांच्यापुढे ट्युरिंगचा खेळ साधाच होता. संगणकाची कल्पना आधीच मांडणारे इंग्रज गणिती चार्ल्स बॅबेज यांनीही १८२० च्या सुमारास ‘तुर्क’ नावाच्या गाजलेल्या बुद्धिबळ-यंत्राशी दोन डाव खेळून दोन्ही गमावले होते. त्या यंत्राच्या पोटात माणूस लपलेला असे! पण यंत्र खरोखर खेळू शकेल का, हा विचार बॅबेज यांनी पुढे गांभीर्याने केला. माझ्या मते विज्ञानाला बुद्धिबळातून जे काही मिळालं, ते डाव जिंकण्यातून फारसं मिळालं नाही. पटाला विचारलेल्या प्रश्नांतून मिळालं.

त्यातला एक जुना प्रश्न घोड्याचा. घोडा अडीच घरं चालतो. त्याने ६४ घरांवर प्रत्येकी एकदाच पाय ठेवून सगळा पट फिरायचा. नवव्या शतकातल्या रुद्रटाच्या ‘काव्यालंकारा’त अर्ध्या पटावरच्या अशा फेरीवर अक्षरं बसवून श्लोक रचलेला आहे. थोर गणिती लेओनार्ड ऑयलर यांनी १७५९ मध्ये बर्लिनच्या अकादमीपुढे हा गणिताचा प्रश्न म्हणून मांडला.

त्यांची युक्ती पट पुढ्यात घेऊन करून पाहावी अशी आहे. घोडा फिरवत राहा आणि घरांवर १, २, ३ असे आकडे टाकत चला. समजा, ६० वर येऊन तुम्ही अडकलात. चार घरं राहिली, पण तिथे उडी पोचत नाही. इथे बहुतेक जण सगळं पुसून पहिल्यापासून सुरुवात करतात. ऑयलर म्हणतात, पुसू नका. ६०व्या घरावरून घोडा मागच्या कुठल्या घरावर जाऊ शकतो ते बघा. समजा, ३१ वर जाऊ शकतो. मग ३१ आणि ३२ मधला दुवा तोडा, ३१ ला ६० जोडा आणि तिथून उलटे ५९, ५८ असं करत ३२ पर्यंत या. फेरी तेवढ्याच घरांची राहिली, पण तिचं टोक आता ३२व्या घराशी आलं. तिथून कदाचित राहिलेल्या घरावर उडी बसेल. नाही बसली, तर पुन्हा अशीच एक गाठ सोडा आणि दुसरीकडे मारा. आज गणितात बिंदू आणि त्यांना जोडणाऱ्या रेषा यांची जी मोठी शाखा आहे, तिथे हा प्रश्न अजून शिकवला जातो.

घोड्याच्या फेरीला एक सोपी मर्यादाही आहे. घोडा प्रत्येक उडीत घराचा रंग बदलतो. म्हणून पाच बाय पाचच्या पटावर सगळी घरं फिरून निघाल्या जागी परत येणं कधीच शक्य नाही. घरं २५, म्हणजे उड्याही २५. आणि विषम उड्यांनंतर घोडा नेहमी उलट्या रंगावर असतो. एवढ्या एका वाक्यात सगळ्या वाटा बाद होतात.

आठ वजीर एकमेकांना मार न देता कसे मांडायचे, हे कोडं १८४८ मध्ये माक्स बेत्सेल यांनी घातलं. गाउससारखा गणिती त्यात रमला, पण ९२ च्या ९२ मांडण्या प्रसिद्ध केल्या त्या फ्रान्झ नाउक यांनी, १८५० मध्ये.

बुद्धिबळ आणि गणित या दोन्ही गोष्टी ज्याला उत्तम साधल्या, असा माणूस म्हणजे इमॅन्युएल लास्कर. ते १८९४ ते १९२१ अशी २७ वर्षं जगज्जेते होते. इतका काळ दुसऱ्या कुणीच ते पद राखलेलं नाही. त्याच काळात, १९०५ मध्ये, त्यांनी बीजगणितातला एक महत्त्वाचा सिद्धांत मांडला. पूर्णांकाचे जसे मूळ अवयव पाडता येतात, तसं काहीसं बहुपदींच्या विश्वात करता येतं, असा त्याचा गाभा. १९२१ मध्ये हवानात कापाब्लांकांनी त्यांचं जगज्जेतेपद घेतलं आणि त्याच वर्षी गणितज्ञ एमी नोएथर यांनी त्यांचा सिद्धांत कितीतरी व्यापक करून दाखवला. आज तो लास्कर-नोएथर सिद्धांत म्हणून ओळखला जातो.

लास्कर आणि आइन्स्टाइन यांची मैत्री होती. दोघं बरोबर फिरायला जात आणि गप्पा मारत. लास्करना सापेक्षतावादाबद्दल एक शंका होती: परिपूर्ण निर्वात पोकळी कुणी तयारच केलेली नाही, मग तिथे प्रकाशाचा वेग मर्यादित असतो हे कशावरून? आइन्स्टाइनना ती पटली नाही, पण मित्राबद्दलचा आदर कमी झाला नाही. लास्करांच्या चरित्राला लिहिलेल्या प्रस्तावनेत त्यांनी खंतही बोलून दाखवली आहे. बुद्धिबळाने या माणसाच्या मनावर इतकी पकड घेतली होती, की इतर प्रश्नांचा विचार करतानाही तो त्या खेळातून पुरता मोकळा होत नसे, असं त्यांना वाटे. आइन्स्टाइनना स्वतःला या खेळातली चुरस रुचत नसे. म्हणूनच १९३३ साली प्रिन्स्टनमध्ये त्यांनी ओपेनहायमरना हरवलं म्हणून जो डाव फिरत असतो, तो वाचताना सावध राहावं. त्याला विश्वासार्ह पुरावा नाही, आणि ओपेनहायमर तेव्हा कॅलिफोर्नियात शिकवत होते.

मॅक्स युवे हेही गणिताचे डॉक्टर. जगज्जेते होण्याच्या सहा वर्षं आधी, १९२९ मध्ये, त्यांनी दाखवून दिलं की चालींची तीच मालिका लागोपाठ तीनदा आली तर बरोबरी, एवढ्याच नियमावर भागवलं तर डाव अनंत काळ चालू शकतो. फक्त दोन चिन्हांची, तीनदा लागोपाठ कधीच न घोळणारी अनंत माळ त्यांनी त्यासाठी वापरली. आणि खेळाडूंची ताकद मोजणारं एलो गुणांकन बसवलं, ते अर्पाद एलो या भौतिकशास्त्राच्या प्राध्यापकाने.

माहितीशास्त्राचा पाया घालणारे क्लॉड शॅनन यांची गोष्ट थोडी सावकाश सांगायला हवी. १९५० मध्ये छापून आलेल्या लेखात त्यांनी हिशेब मांडला: दोघांची एकेक चाल धरली तर साधारण हजार शक्यता, आणि डाव चाळीस चालींचा. म्हणजे एकूण डाव एकावर १२० शून्यं इतके. सेकंदाला दहा लाख डाव तपासणारं यंत्र घेतलं तरी पहिली चाल ठरवायला एकावर ९० शून्यं याहूनही जास्त वर्षं लागतील. मग यंत्राने खेळायचं कसं? शॅनननी दोन वाटा सांगितल्या. एक, काही चालींपर्यंत सगळंच्या सगळं तपासायचं. दुसरी, निवडक चालीच बघायच्या पण खोलवर. १९६५ मध्ये ते मॉस्कोला गेले असताना मिखाईल बॉटविनिक यांच्याशी खेळले. बॉटविनिक माजी जगज्जेते आणि विद्युत अभियंताही. शॅननना सुरुवातीला घोडा आणि प्याद्याच्या बदल्यात हत्ती मिळाला होता, तरी ४२ चालींत ते हरले.

माणूस यांतली कोणती वाट धरतो, याचं उत्तर मानसशास्त्रातून आलं. पटावर डावातली खरी मांडणी पाच सेकंद दाखवायची, झाकायची आणि दुसऱ्या पटावर मांडायला सांगायचं. मातब्बर खेळाडू बहुतेक मोहरे अचूक ठेवतो. नवख्याला चार-पाचच आठवतात. हा प्रयोग आड्रियान द ख्रोट यांचा. विल्यम चेस आणि हर्बर्ट सायमन यांनी १९७३ मध्ये त्यावर विशेष भर दिला, तो मोहरे कसेही विखरून ठेवून. आता मातब्बर खेळाडूची आघाडी जवळपास पुसली गेली! म्हणजे त्याची स्मरणशक्ती तुमच्याआमच्यासारखीच असते. त्याला सुटे मोहरे दिसत नाहीत; किल्ला केलेला राजा आणि त्यापुढची प्यादी असे ओळखीचे पुंजके दिसतात, जसे आपल्याला अक्षरांऐवजी शब्द दिसतात. म्हणूनच त्याला सगळं तपासावं लागत नाही; त्याची वाट दुसरी, निवडक चालींची. शिक्षणापासून वैद्यकीय निदानापर्यंत, कौशल्य कसं घडतं याच्या अभ्यासाला या प्रयोगाने वळण दिलं.

याच सायमन यांनी १९५७ मध्ये भाकीत केलं होतं की दहा वर्षांत संगणक जगज्जेता होईल. चाळीस वर्षं लागली. १९९७ मध्ये आयबीएमच्या डीप ब्लू या संगणकाने जगज्जेत्या कास्पारॉव्हना साडेतीन विरुद्ध अडीच असं हरवलं, आणि तेही सेकंदाला सुमारे २० कोटी स्थिती तपासत, म्हणजे शॅनन यांच्या पहिल्या वाटेने. २०१७ मध्ये अल्फाझीरो हे सॉफ्टवेअर आलं. नियम तेवढे सांगून त्याला स्वतःशीच खेळायला लावलं होतं. ते सेकंदाला सुमारे ८० हजार स्थिती पाही, समोरचं स्टॉकफिश हे बुद्धिबळाचं सॉफ्टवेअर ७ कोटी. तरी १०० डावांत त्याने २८ जिंकले आणि एकही गमावला नाही. हे काम ज्या डीपमाइंडमध्ये झालं, तिचे एक संस्थापक डेमिस हसाबिस लहानपणी बुद्धिबळातले गुणी खेळाडू होते. प्रथिनांचा आकार ओळखणाऱ्या अल्फाफोल्डसाठी त्यांना २०२४ च्या रसायनशास्त्राच्या नोबेलमध्ये वाटा मिळाला.

इतकं होऊनही मुळातला प्रश्न तसाच आहे. अर्न्स्ट झेर्मेलो यांनी १९१३ मध्ये दाखवलं होतं की दोघंही निर्दोष खेळले, तर डावाचा निकाल पहिल्या चालीआधीच ठरलेला असतो: पांढरं जिंकतं, काळं जिंकतं किंवा बरोबरी होते. यांतलं कोणतं, हे पटावर सात किंवा त्याहून कमी मोहरे उरले असतील तर संगणक आज नेमकं सांगतो. पट मांडताना मात्र बत्तीस असतात, आणि तिथलं उत्तर अजून कुणालाही सिद्ध करता आलेलं नाही.