काळ्या मातीतला फुटबॉल : इंदूरच्या मैदानी खेळाची पार्श्वभूमी

इंदूरकर मराठी माणसाशी खेळाचा विषय काढा, गाडी सी. के. नायडूंच्या होळकर संघावरच जाते. १९४५-४६ ते १९५२-५३ या आठ मोसमांत चार वेळा रणजी करंडक, तेव्हा त्यात नवल नाही. फुटबॉलच्या वाट्याला असं नाव आलं नाही. तो हिंदुस्थानात आला गोऱ्या पलटणींबरोबर. १८८८ साली शिमल्याला सुरू झालेली ड्युरँड फुटबॉल स्पर्धाही सुरुवातीला लष्करी संघांचीच. आणि होळकर-इंग्रजांच्या मंदसौरच्या तहानंतर, १८१८ साली वसलेली महूची लष्करी छावणी इथून जेमतेम वीसेक किलोमीटरवर.

गल्लीतला खेळ मात्र मातीने घडवला. माळव्याची काळी माती मे महिन्यात भेगाळते, भेगेत पाऊल अडकून घोटा मुरगळतो. जुलैत तीच फुगते, चिकट होते, पाणी मुरू देत नाही. म्हणून गोलसमोरचे खड्डे पावसाआधीच भरायचे : खाली मुरूम, वर वाळू मिसळलेली माती, मग पाणी मारून धुमसायचं. नुसती वाळू टाकली तर पहिल्या सरीत वाहून जाते. मैदानाला मधून कडेकडे शंभर फुटांना फूटभर उतार हवा. आखणीला कळीचा चुना नको, ओला झाला की खरचटलेला गुडघा भाजतो. खडूची पूड बरी.

चेंडूचं वजन १९३७ पासून नियमाने १४ ते १६ औंस, पण ते कोरड्या चेंडूचं. पावसात चामडं पाणी पिई आणि उत्तरार्धात हेडर घेणं, म्हणजे डोक्याने चेंडू मारणं, ही शिक्षाच. चेंडूचं तोंड आवळणाऱ्या नाडीची बाजू कपाळावर आली की वळ उठे. आतल्या रबरी ब्लॅडरला ठिगळ लावायचं, हवा भरून नळी दुमडून दोऱ्याने आवळायची, ती आत सारून वर नाडी ओवायची, शिवणीला चरबी चोळायची. गाठ सैल राहिली की सामना रंगात आला असताना चेंडू मऊ. हे जमणारा गडी संघाला सेंटर फॉरवर्डइतकाच लागे. आमच्या मते जास्तच.

अनवाणी खेळणं ही निव्वळ गरिबी नव्हती. १९४८च्या लंडन ऑलिंपिकमध्ये भारताचे बरेच खेळाडू बुटांविना उतरले होते. १९५२ला हेलसिंकीत युगोस्लाव्हियाने १०-१ असं धुतल्यावर बूट सक्तीचे झाले. काळ्या मातीत बूटही पुरते कामाचे नाहीत : तळाच्या स्टडमध्ये, म्हणजे खुंट्यांमध्ये, चिखल भरतो, तळवा सपाट होतो, माणूस घसरतो. दर थांब्याला काडीने खरवडण्यावाचून गत्यंतर नसतं.

मध्य प्रदेशातली आजची मोठी नावं इंदूरबाहेरची आहेत. धार जिल्ह्यातली ज्योती चौहान २०२२ साली क्रोएशियातल्या दिनामो झाग्रेबकडून खेळली. शहडोलजवळचं बिचारपूर आणि तिथले प्रशिक्षक रईस अहमद २०२३च्या ‘मन की बात’मुळे देशाला कळले.