रंग वाळला, मग हँडल आजच का नाही?

स्वयंपाकघरातल्या कपाटांना रंगाचा शेवटचा हात मारून झाला, दारं तुकतुकीत दिसायला लागली, की बहुतेक घरांत आम्हाला एकच प्रश्न विचारला जातो: "बोटाला रंग लागत नाहीये, मग हँडल लावूनच जा ना!" भांडी बाहेर पडलेली असतात, स्वयंपाकघर अडलेलं असतं. तुमची घाई आम्हाला कळते. तरीही त्या दिवशी आम्ही हँडल लावत नाही, आणि त्यामागचं कारण तुम्हाला नीट कळावं अशी आमची इच्छा आहे.

रंग वाळणं वेगळं आणि पक्का होणं वेगळं. पाण्यात मिसळायचा इनॅमल तास-दोन तासांत हाताला कोरडा लागतो, पण आतला थर घट्ट व्हायला दोन ते चार आठवडे घेतो. ऑइल पेंट हवेतला प्राणवायू घेऊन हळूहळू कडक होतो, म्हणून कपाट बंद ठेवलं तर आतली बाजू मागे राहते. हार्डनर घालून मारलेला पीयू (पॉलियुरेथेन) रंग सगळ्यांत लवकर तयार होतो, त्यालाही पूर्ण ताकद यायला साधारण आठवडा जातो. हवा दमट किंवा थंड असेल तर हे सगळंच लांबतं. या काळात दारं थोडी उघडी ठेवा, हवा खेळू द्या.

तुम्हाला स्वतःला पाहायचं असेल तर दाराच्या आतल्या बाजूला, बिजागरीजवळच्या कडेवर अंगठ्याचं नख हलकं दाबा. चंद्रकोरीसारखा वळ उमटून राहिला तर रंग अजून मऊ आहे. पाण्याच्या किंवा ऑइलच्या रंगावर आम्ही शक्यतो आठवडाभर थांबतो, पीयूवर दोन दिवस. आणि नखाचा वळ राहत असेल तर दिवस भरले असले तरी थांबतो.

एकदा आम्ही स्वतःच हे पाळलं नाही. ग्राहकांकडे पाहुणे यायचे होते, म्हणून तिसऱ्या दिवशी गोल नॉब घट्ट आवळून दिले. काही महिन्यांनी त्यांना नॉब बदलायचे होते. पहिला नॉब फिरवला आणि त्याच्या बुडाखालचा रंग गोल चकतीसारखा त्याच्यासोबत निघून आला, खालचा प्रायमर उघडा पडला. मऊ रंग दाबला गेला आणि धातूला चिकटूनच कडक झाला होता. चूक आमची होती, सगळी दारं आम्ही पुन्हा रंगवून दिली.

भोकं आम्ही रंगाच्या आधीच पाडून घेतो. नंतर त्यांत रंग साचतो, तो ड्रिल मशीन न लावता नुसता ड्रिलचा बिट हातात धरून, समोरच्या बाजूने फिरवून काढायचा. मशीनचा झटका बसला की कडेचा टवका उडतो. रंगानंतर नवीन भोक पाडायची वेळ आलीच तर प्लायच्या तुकड्याचा साचा करतो, मागे फळीचा तुकडा क्लॅम्पने घट्ट दाबून धरतो आणि समोरून मागे ड्रिल करतो. एमडीएफला (लाकडाचे तंतू दाबून केलेल्या फळीला) हा आधार दिला नाही तर मागच्या बाजूला फुगवटा येऊन रंग फुटतो. ओल्या रंगावर मास्किंग टेप लावून खुणा करू नका. टेप ओढताना रंगही सोबत येतो, हे फार घरांत पाहिलंय.

हँडल तुम्ही आणणार असाल तर पूर्ण लांबी मोजू नका. एका स्क्रूच्या मध्यापासून दुसऱ्याच्या मध्यापर्यंतचं अंतर मोजा. ते बहुधा ९६, १२८ किंवा १६० मिमी असतं. १८ मिमीच्या दाराला साधारण २५ मिमीचा स्क्रू पुरतो, ड्रॉवरला दुहेरी फळी असेल तर जास्त लांब लागतो. स्क्रू गरजेपेक्षा लांब असला तर तो हँडलच्या आत तळाला टेकतो, तुम्हाला वाटतं आवळला, पण हँडल डुगडुगतच राहतं आणि रोज थोडा थोडा रंग खरवडतं.

शेवटी आम्ही साधा स्क्रूड्रायव्हरच वापरतो. दोन्ही स्क्रू आळीपाळीने, थोडे थोडे. हँडल हलायचं थांबलं की किंचित आवळून सोडून द्यायचं.

रंगाच्या थरांमुळे दारांमधली फट कमी होते, त्यामुळे दारं घासतात. बिजागरीचे स्क्रू फिरवून ती फट साधारण दोन-तीन मिमी करून देतो. प्रत्येक दाराचा नंबर बिजागरीच्या वाटीच्या खड्ड्यात लिहिलेला असतो, तो पुसू नका. दार जिथे चौकटीला टेकतं तिथले छोटे बंपर (दार आपटू नये म्हणून लावायच्या चकत्या) मात्र सगळ्यांत शेवटी, रंग चांगला कडक झाल्यावर लावतो, नाहीतर त्यांचे ठसे उमटतात.

पहिला महिना मऊ कपडा आणि साध्या साबणाचं पाणी एवढंच वापरा, आणि ताबडतोब कोरडं पुसून घ्या. ओला नॅपकिन हँडलला अडकवू नका. पाणी स्क्रूच्या भोकातून आत शिरतं आणि रंग तिथूनच सुटायला लागतो.

रंग पक्का होताना थोडा आकसतो, म्हणून महिन्याभराने एखादं हँडल सैल वाटेल. ते घट्ट करायला आम्हाला बोलवा, त्याचे वेगळे पैसे घेत नाही. येताना त्याच रंगाची छोटी डबी आणि बारीक ब्रश घेऊन येतो. तोवर कुठे टवका दिसला तर त्याला नखाने कुरतडू नका.