कलम 43 की कलम 66? कोणी परवानगीशिवाय संगणकात शिरलं, तर दाद कुठे मागायची

लहानशा ऑफिसात हिशेब सांभाळणारा माणूस नोकरी सोडून जातो. टॅलीचा आणि ऑफिसच्या ईमेलचा पासवर्ड कोणी बदलत नाही. महिन्याभराने तो घरबसल्या लॉगिन करतो आणि ग्राहकांची यादी उतरवून घेतो. मालकाला कळतं तेव्हा तो म्हणतो, 'हॅकिंग झालं, पोलिसांत जाऊ.' जावंच. पण माहिती तंत्रज्ञान कायदा, 2000 मध्ये याच कृत्यासाठी दोन वाटा आहेत आणि भरपाईची वाट बहुतेकांना ठाऊकच नसते, याचं मला फार वाईट वाटतं.

कलम 43 मुख्यतः एक गोष्ट पाहतं: संगणकाच्या मालकाची किंवा तो ज्याच्या ताब्यात आहे त्याची परवानगी होती का? ती नसताना आत शिरणं, माहिती उतरवणं, व्हायरस सोडणं, हक्काच्या माणसाला लॉगिन करू न देणं, यातलं काहीही केलं तर भरपाई द्यावी लागते. 'मी नुसतं बघत होतो' म्हणून सुटता येत नाही. मात्र रक्कम ठरवताना कलम 47 प्रमाणे समोरच्याचा फायदा, तुमचं नुकसान आणि कृत्य पुन्हा पुन्हा झालं का, हे बघितलं जातं. म्हणून नुकसानीचा हिशेब कागदावर हवा.

कलम 66 वेगळं कृत्य सांगत नाही. 43 मधलंच कृत्य अप्रामाणिकपणे किंवा कपटाने केलं की तो गुन्हा होतो. शिक्षा तीन वर्षांपर्यंत कैद, 5 लाख रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. ही जोडणी 2008 च्या दुरुस्तीने आली. आपला हिशेबनीस ती यादी घेऊन नवा धंदा उभारत असेल, तर 66 लावायला आधार मिळतो. स्वतःची जुनी पगारपत्रकं शोधायला शिरला असेल, तर कपटाचा हेतूच नव्हता, यावर त्याचा वकील नेमकं बोट ठेवील. गुन्हा दखलपात्र आहे, म्हणजे कोर्टाच्या हुकमाची वाट न बघता पोलीस तपास सुरू करू शकतात, पण जामीनपात्रही. तपास पोलीस निरीक्षकाच्या खालचा अधिकारी करू शकत नाही. आणि दंड झाला तरी तो सरकारजमा होतो. तुमचं नुकसान त्यातून आपोआप भरून निघत नाही.

भरपाईसाठी अर्ज करायचा तो न्यायनिर्णय अधिकाऱ्याकडे. हे काम राज्याच्या माहिती तंत्रज्ञान विभागाच्या सचिवांकडे असतं आणि 5 कोटींपर्यंतचे दावे ते ऐकतात. 2013 साली महाराष्ट्राच्या सचिवांनी पुण्यातल्या एका उद्योगाच्या तक्रारीवर बँकेला 45 लाख रुपये द्यायला सांगितलं. खात्यातून 80 लाखांच्या वर रक्कम गेली होती. फिशिंगच्या, म्हणजे माहिती काढून घेण्यासाठी पाठवलेल्या बनावट मेलला उत्तर दिलं म्हणून काही भार तक्रारदारावरही ठेवला गेला. दोन्ही वाटा एकाच वेळी धरता येतात. भरपाई मिळाली म्हणून शिक्षा टळत नाही.

सगळं परवानगीभोवती फिरतं, तेव्हा बंदोबस्तही तिथूनच करावा. कोणाला काय उघडता येईल ते लेखी ठेवा. माणूस शेवटच्या दिवशी घरी जाण्याआधी त्याचं खातं बंद करा. टू-स्टेप पडताळणी चालू ठेवा. सगळ्यांनी मिळून एकच लॉगिन वापरायची पद्धत तर आजच मोडा, कारण आत कोण शिरलं हे मग सिद्धच करता येत नाही.

घडून गेलंच, आणि पैसे गेले असतील, तर ताबडतोब 1930 या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला फोन करा. घाबरून संगणक फॉरमॅट करू नका. लॉगची, म्हणजे कोण कधी आत शिरलं याच्या संगणकातल्या नोंदींची, प्रत जपून ठेवा आणि त्यासोबत भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम 63 चं प्रमाणपत्र तयार करून घ्या. संगणकातली नोंद कोर्टात पुरावा म्हणून द्यायला ते लागतं. त्यात फाइलची हॅश व्हॅल्यूही, म्हणजे फाइलमध्ये फेरफार झाला तर बदलणारा तिचा सांकेतिक ठसा, लिहावी लागते.