एकच डीएलएल, अनेक प्रोग्राम: विंडोजमधल्या सामायिक फाइलींची पार्श्वभूमी

डीएलएल म्हणजे अनेक प्रोग्रामांनी मिळून वापरायच्या कोडची फाइल. प्रोग्राम उघडताना ‘एमएसव्हीसीआर१००.डीएलएल सापडत नाही’ अशी चौकट आली की बरेच जण ती एकच फाइल कुठून तरी उतरवून विंडोजच्या सिस्टिम३२ फोल्डरमध्ये टाकतात. त्याने बहुधा काम होत नाही, उलट नवी चूक दिसते. याचं मूळ जुनं आहे, आणि त्यात दोन प्रश्न एकत्र गुंतलेत. चालू प्रोग्राम मेमरीत एकमेकांपासून वेगळे ठेवणं हा एक, आणि डिस्कवरची एकच फाइल अनेकांनी वापरणं हा दुसरा. पहिल्याचं पक्कं उत्तर १९९३ मध्ये मिळालं. दुसऱ्याला आणखी आठ वर्षं लागली.

१९८५ च्या विंडोज १.० ला किमान २५६ केबी मेमरी लागायची. एवढ्या जागेत खिडक्या आणि अक्षरं काढण्याचा कोड प्रत्येक प्रोग्रामने स्वतःबरोबर बाळगणं शक्यच नव्हतं. तो एकदाच मेमरीत आणायचा आणि सगळ्यांनी वापरायचा, ही डीएलएलची कल्पना त्या काळाला अगदी योग्य होती.

विंडोज ३.१ पर्यंत सगळे विंडोज प्रोग्राम एकाच मेमरीत, भिंतींशिवाय राहत. डीएलएलचा डेटाही सामायिक असे. त्यात एक खोड होती, जिने अनेकांचे दिवस खाल्ले. मागितलेली डीएलएल आधीच मेमरीत आहे का, हे लोडर (फाइली मेमरीत आणणारा विंडोजचा भाग) फक्त तिच्या नावावरून ठरवायचा. ती कोणत्या फोल्डरमधून आली ते बघत नसे. त्यामुळे ‘अ’ या प्रोग्रामने स्वतःच्या फोल्डरमधली जुनी प्रत उघडली असेल, तर नंतर उघडलेल्या ‘ब’च्या वाट्याला तीच यायची. आधी ‘ब’ उघडला तर दोन्ही चालायचे, आधी ‘अ’ उघडला तर ‘ब’ कोसळायचा. बिघाड फाइलीत नव्हे, उघडण्याच्या क्रमात असायचा.

१९९३ च्या विंडोज एनटीने प्रत्येक प्रोसेसला, म्हणजे चालू प्रोग्रामला, स्वतःची ४ जीबीची आभासी मेमरी दिली, त्यातली २ जीबी प्रोग्रामची. डीएलएलचा कोड तरीही सामायिकच राहिला. मेमरीचा ४ केबीचा एकेक तुकडा, म्हणजे पान, सगळ्यांना दिसतो. कुणी त्यात लिहायला गेलं की त्याच्यापुरती त्या पानाची वेगळी प्रत तयार होते. अडचण उरली ती पत्त्यांची. मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी++ या प्रोग्राम लिहिण्याच्या साधनाचा लिंकर (कोडचे तुकडे जोडून फाइल बनवणारा भाग) प्रत्येक डीएलएलला मेमरीतला हेक्साडेसिमल १००००००० हाच पत्ता सुचवायचा. दोन डीएलएल एकाच प्रोसेसमध्ये आल्या की एकीला हलवावं लागे, हलवताना पानांत पत्ते बदलावे लागत, आणि ती पानं खाजगी होऊन मेमरीची बचत जायची. म्हणून काळजी घेणारे प्रोग्रामर प्रत्येक डीएलएलला वेगळा पत्ता नेमून देत.

घराघरांत पोचलं ते मात्र विंडोज ९५. तिथे २ ते ३ जीबीचा पट्टा सगळ्या प्रोसेसना सामायिक होता. सिस्टिमच्या मुख्य डीएलएल आणि १६-बिट प्रोग्राम त्यातच असत, त्यामुळे भरकटलेला एक प्रोग्राम इतरांनाही घेऊन बुडू शकायचा.

तरी खरा त्रास डिस्कवर होता, आणि तिथे एनटीची भिंतही कामाची नव्हती. सीटीएल३डी, कॉमसीटीएल३२, एमएफसी४२ अशा सामायिक डीएलएलच्या प्रती प्रत्येक सेटअप आपापल्या सीडीवरून सिस्टिम फोल्डरमध्ये टाकायचा. फाइलीतला आवृत्ती क्रमांक बघूनच वर लिहायचं, हा नियम होता. अनेक सेटअप तो पाळत नसत. फाइल वापरात असेल तर विंडोज ९५ मध्ये बदलाची नोंद विनइनिट.आयएनआय मध्ये व्हायची आणि बदल पुढच्या रीस्टार्टला व्हायचा. म्हणून दोष आज टाकलेल्या प्रोग्रामचा, आणि उद्या सकाळी बंद पडणार तिसराच. कोणती फाइल किती जण वापरतात याची मोजणी रजिस्ट्रीत (विंडोजच्या नोंदवहीत) ‘शेअर्डडीएलएलज’ या कीखाली असे. एखाद्या सेटअपने आकडा वाढवलाच नाही, तर दुसरा प्रोग्राम काढताना मोजणी लवकर शून्यावर यायची आणि फाइल पुसली जायची.

फेब्रुवारी २००० मध्ये आलेल्या विंडोज २००० ने सिस्टिम फाइलींवर पहारा बसवला. संरक्षित फाइल बदलली गेली की तिची डिजिटल सही तपासून मूळ प्रत डीएलएलकॅश फोल्डरमधून परत ठेवली जायची. देवनागरी वापरणाऱ्यांची याच्याशी गाठ पडली ती यूएसपी१०.डीएलएल मुळे. जोडाक्षरं जुळवणं, ऱ्हस्व वेलांटी व्यंजनाच्या आधी नेणं, रफार वर चढवणं ही कामं या फाइलीची. विंडोज एक्सपीत सेटिंगमध्ये ‘कॉम्प्लेक्स स्क्रिप्ट’ (देवनागरीसारख्या लिपी) या पर्यायावर खूण करून सीडीवरून फाइली घातल्या नाहीत, तर ‘कि’ची वेलांटी ‘क’च्या मागे दिसायची. ऑफिस २००३ ने स्वतःची नवी प्रत वेगळ्या फोल्डरमध्ये आणली. ती उचलून सिस्टिम३२ मध्ये टाकली की पहारा जुनी परत आणायचा. चालणारा उपाय वेगळा होता: नवी प्रत त्या प्रोग्रामच्या ईएक्सई फाइलीशेजारी ठेवायची, कारण लोडर आधी तिथेच शोधतो.

हीच दिशा ऑक्टोबर २००१ च्या एक्सपीने अधिकृत केली. विनएसएक्सएस फोल्डरमध्ये एकाच डीएलएलच्या अनेक आवृत्त्या शेजारी शेजारी राहू लागल्या, आणि कोणती हवी ते प्रोग्राम मॅनिफेस्ट नावाच्या जोड-माहितीत सांगू लागला. कॉमसीटीएल३२ ची ५.८२ आवृत्ती सिस्टिम३२ मध्ये राहिली, ६.० विनएसएक्सएसमध्ये. मॅनिफेस्ट नसलेल्या जुन्या प्रोग्रामला जुनीच मिळायची, म्हणून तो मोडला नाही.

वेगळ्या प्रतींची किंमत २००४ च्या सप्टेंबरात कळली. जेपीईजी चित्रं वाचणाऱ्या जीडीआयप्लस.डीएलएल मध्ये सुरक्षेचं गंभीर छिद्र सापडलं. विंडोजमधली प्रत दुरुस्त करणं सोपं होतं; पण अनेक प्रोग्रामांनी आपापल्या फोल्डरमध्ये ठेवलेल्या प्रती शोधून एकेक बदलाव्या लागल्या. विनएसएक्सएसची व्यवस्था इथे सरस ठरते. तिथे प्रकाशक एका धोरण-फाइलीतून जुनी आवृत्ती मागणाऱ्यालाही दुरुस्त आवृत्तीकडे वळवू शकतो.

तरीही ती सर्वांना झेपली नाही. व्हिज्युअल सी++ २००५ आणि २००८ चे रनटाइम (त्यात बनवलेले प्रोग्राम चालायला लागणाऱ्या डीएलएल) विनएसएक्सएसमध्ये जायचे, आणि त्यांचं पॅकेज बसवलेलं नसेल तर ‘साइड-बाय-साइड कॉन्फिगरेशन’ चुकल्याचा अगम्य संदेश यायचा. २०१० च्या आवृत्तीने ती वाट सोडली आणि फाइलीच्या नावात आधीपासून असलेल्या क्रमांकावरच भिस्त ठेवली. एमएसव्हीसीआर१०० ती हीच. ती विंडोजची स्वतःची फाइल नसल्यामुळे विंडोजच्या फाइली तपासून दुरुस्त करणारी ‘एसएफसी /स्कॅननाऊ’ ही आज्ञा चालवून परत येत नाही. व्हिज्युअल सी++ २०१० चं रीडिस्ट्रिब्युटेबल (रनटाइम बसवणारं) पॅकेज मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून घ्यावं लागतं. ६४-बिट विंडोजवरही ३२-बिट प्रोग्रामला एक्स८६ (३२-बिट) पॅकेजच हवं, आणि दोन्ही पॅकेजं शेजारी नांदतात. नावांनी इथे गोंधळ होतो: सिस्टिम३२ मध्ये ६४-बिट फाइली असतात, सिसवॉव६४ मध्ये ३२-बिट. सुटी फाइल चुकीच्या जागी पडली की पहिली चौकट जाऊन ०xसी०००००७बी हा क्रमांक येतो. ३२-बिट प्रोग्रामच्या हाती ६४-बिट फाइल पडली, किंवा उलट झालं, तर बहुधा हाच क्रमांक दिसतो.