धुऱ्यावरचा घाव आणि कलम ३०२

विदर्भातल्या खेड्यांतून सत्र न्यायालयापर्यंत पोहोचणाऱ्या खून-खटल्यांचे मूळ अनेकदा एखाद्या धुऱ्यात, म्हणजे शेताच्या बांधात, सापडते. डवरणीच्या वेळी शेजाऱ्याने धुरा हातभर कोरला, बोलाचाली झाली, कोणी बंडीची उभारी (बैलगाडीचा उभा दांडा) उपसली, कोणी हातातली कुऱ्हाड चालवली, आणि माणूस गेला. जन्मठेप झालेला आरोपी नागपूर खंडपीठात अपील करतो तेव्हा घाव त्यानेच घातला का, हा अर्धाच प्रश्न असतो. तो घालताना त्याच्या मनात काय होते, हा उरलेला अर्धा प्रश्न अधिक अवघड.

१८६० साली मंजूर होऊन १८६२पासून अमलात आलेल्या भारतीय दंड संहितेने सदोष मनुष्यवध आणि खून या दोन गोष्टी कलम २९९ आणि ३०० मध्ये वेगळ्या केल्या; पण दोन्हींची शब्दरचना इतकी जवळची ठेवली की वकिलांची पिढ्यान्‌पिढ्या त्यावर गुजराण झाली. १८७६ मध्ये मुंबई उच्च न्यायालयापुढे गोविंदाचा खटला आला. तरुण नवऱ्याने पंधरा वर्षांच्या बायकोला लाथ मारून पाडले, छातीवर गुडघा रोवून तोंडावर बुक्के मारले आणि मेंदूत रक्तस्राव होऊन ती मेली. दोन न्यायमूर्तींचे एकमत होईना, म्हणून प्रकरण न्या. मेलव्हिल यांच्याकडे गेले. मृत्यूची शक्यता किती दाट होती, यावर त्यांनी भेद ठरवला आणि हा खून नव्हे, त्याहून सौम्य असा सदोष मनुष्यवध, असा निर्णय दिला. आजच्या वाचकाला तो निकाल बोचेल, पण भेदाचे ते सूत्र टिकले.

पुढचा टप्पा थेट नागपूरशी जोडलेला आहे. नागपूर उच्च न्यायालय १९३६ मध्ये सुरू झाले. तिथले मुख्य न्यायाधीश राहिलेले विव्हियन बोस पुढे सर्वोच्च न्यायालयात गेले आणि १९५८ मध्ये पंजाबातील विरसा सिंगच्या अपिलाचा निकाल त्यांनी लिहिला. पोटात भाल्याचा एकच घाव होता. बचाव असा की, जीव घेण्याचा हेतू सिद्ध नाही. बोस यांनी सांगितले की, नेमकी तीच जखम करण्याचा हेतू होता का, एवढेच आरोपीच्या मनाविषयी पाहायचे. अपघाताने किंवा दुसरीकडे मारताना ती झाली नाही, हे तपासायचे. ती जखम निसर्गक्रमाने मृत्यूला पुरेशी होती का, हा मात्र वैद्यकीय पुराव्यावरून ठरवायचा वस्तुनिष्ठ प्रश्न. आरोपीला ते ठाऊक होते का, हे विचारायचे नाही. म्हणून ‘एकच घाव’ एवढ्या बळावर अपील तरत नाही. तरते ते बहुतेक कलम ३००च्या चौथ्या अपवादावर, म्हणजे पूर्वतयारी नसताना अचानक उद्भवलेल्या भांडणात, रागाच्या भरात, गैरफायदा किंवा क्रौर्य न करता घडलेल्या कृत्यावर. कुऱ्हाड घरून आणली की वावरातच हाती होती, या तपशिलावर खुनाच्या कलम ३०२ची जन्मठेप किंवा फाशी टळून सदोष मनुष्यवधाच्या शिक्षेचे कलम ३०४ लागू शकते.

पुराव्याच्या बाबतीतही नागपूरचे ऋण मोठे आहे. परिस्थितिजन्य पुराव्याची साखळी अखंड हवी, हा दंडक प्रत्येक खून-अपिलात ज्या हनुमंत निकालाच्या (१९५२) आधारे मांडला जातो, तो खुनाचा नव्हताच. मध्य प्रांताच्या अबकारी आयुक्तांवरील, निविदेच्या कागदपत्रांचा खटला होता तो. पुढे १९८४ मध्ये शरद सारडा निकालाने त्याची पाच सूत्रे केली. मृत्युपूर्व जबाबाचेही तसेच. १९५६ मध्ये नागपुरात झालेल्या खुनात जखमीचा जबाब डॉक्टर, फौजदार आणि दंडाधिकारी या तिघांनी नोंदवला होता. त्या खुशालराव प्रकरणात १९५७ साली सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की, जबाब विश्वासार्ह असेल तर दुजोऱ्याशिवायही शिक्षा होऊ शकते.

जप्तीचे गणित वेगळे. ‘कुऱ्हाड कुटाराच्या ढिगाखाली ठेवली, काढून देतो’ हे आरोपीचे पोलिसांपुढचे वाक्य, १ जुलै २०२४पूर्वी लागू असलेल्या १८७२च्या पुरावा कायद्याच्या कलम २७मुळे पुरावा म्हणून चालत आले. ‘त्याच कुऱ्हाडीने मारले’ हे चालत नाही, असे ब्रिटिश काळातल्या सर्वोच्च अपील न्यायालयाने, म्हणजे प्रिव्ही कौन्सिलने, १९४६ मध्येच स्पष्ट केले. पंच गावचेच असतात आणि उलटतपासात फितूर झाले की ढीग उरतो, कुऱ्हाड हरवते.

अपिलात साक्षीदार पुन्हा बोलत नाही, त्याचा कागद बोलतो. मराठीत ‘मारलं’ म्हणजे फटका दिला आणि जीवही घेतला. ‘आज तुले जित्ता सोडत नाही’ हे तर धुऱ्याच्या दर भांडणात ऐकू येते. ते वाक्य हेतूचा पुरावा मानायचे की रागाची भाषा, हे शवविच्छेदन अहवालातील जखमेची जागा आणि खोली यांच्याशी ताडूनच ठरवावे लागते. नुसत्या शब्दांवर शिक्षा टिकवणे मला धोक्याचे वाटते.

१ जुलै २०२४पासून दंड संहितेच्या जागी आलेल्या भारतीय न्याय संहितेत सदोष मनुष्यवध आणि खुनाची हीच तरतूद कलम १००, १०१, १०३ आणि १०५ मध्ये आली. त्याआधीच्या गुन्ह्यांना जुनीच संहिता लागू असल्याने नागपूरच्या फौजदारी अपिलांत ३०२ हा आकडा अजून बरीच वर्षे वाचला जाईल.